जावई, सासरे आणि गहाण पडलेली जहागीर: जॉर्जेट हेयर यांची ‘ए सिव्हिल काँट्रॅक्ट’

रीजन्सी काळातील, म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीच्या इंग्लंडमधील, प्रेमकथा विकत घेताना आपल्या हाती काय पडणार आहे, हे वाचकाला बहुधा आधीच ठाऊक असते. दोन-तीन नाचाचे जलसे, एक गैरसमज, पावसात अडकलेली एखादी घोडागाडी, फटकळ पण मनाची स्वच्छ नायिका, मानी आणि गडगंज नायक, आणि अखेरच्या दोन पानांत घातलेली मागणी, असा हा ऐवज ठरलेला असतो. इंग्रज लेखिका जॉर्जेट हेयर यांची १९६१ साली प्रसिद्ध झालेली ‘ए सिव्हिल काँट्रॅक्ट’ ही कादंबरी त्याच फळीवर, तशाच गुलाबी वेष्टनात विकली जाते, आणि ते वेष्टन पाहून ती घेणाऱ्याची थोडी फसगत होते. येथे नायकाचे लग्न पुस्तक अर्धे होण्याच्या बरेच आधी उरकलेले असते, नवरी त्याच्या मनातली नसते, आणि मागणी घालण्यापूर्वी कारभारी, गहाणखते आणि कर्जाच्या याद्या येऊन गेलेल्या असतात. तरीही हेयर यांच्या रीजन्सी कादंबऱ्यांपैकी ज्या मी वाचल्या आहेत, त्यांत मनधरणीचा सर्वांत बारीक अभ्यास मला याच पुस्तकात आढळला. फक्त त्यातली निम्मी मनधरणी नवरा-बायकोमधली नसून जावई आणि सासऱ्यांमधली आहे.

माझ्याकडे या कादंबरीच्या दोन प्रती आहेत. पहिली मुंबईत फोर्टच्या पदपथावरील जुन्या पुस्तकांच्या ढिगातून मिळालेली, पिवळ्या पडलेल्या पानांची आणि आत कोणत्या तरी वाचनालयाचा पुसट शिक्का असलेली. तिचा कागद हलका असला तरी शिवण पक्की आहे आणि टाइप डोळ्यांना सुखाचा आहे. दुसरी मी गेल्या वर्षी एका ऑनलाइन विक्रेत्याकडून नवी कोरी म्हणून मागवली. तिची अक्षरे इतकी बारीक होती, की रात्रीच्या दिव्यात दहा पानांपलीकडे जाणे अशक्य झाले, आणि तिसऱ्या दिवशी मधला पानांचा एक संपूर्ण गठ्ठा डिंक सोडून हातात आला. बदली प्रत आली, ती थोडी बरी निघाली. मुखपृष्ठावर मात्र दोन्ही नव्या प्रतींत संध्याप्रकाशात एकमेकांच्या डोळ्यांत हरवलेले एक सडपातळ, देखणे जोडपे आहे. या कादंबरीची नायिका ठेंगणी, गुबगुबीत आणि दिसायला सामान्य आहे, हे लेखिकेने वारंवार सांगितले असताना चित्रकाराने ते मनावर घेतलेले नाही.

रीजन्सी म्हणजे काटेकोर अर्थाने १८११ ते १८२० ही नऊ वर्षे, ज्या काळात राजा तिसरा जॉर्ज आजारी असल्यामुळे त्याचा मुलगा राजप्रतिनिधी म्हणून कारभार पाहत होता. त्या काळातील मध्यम आणि उच्च वर्गाच्या विवाहजुळणीचे चित्र जेन ऑस्टिन यांनी ती वर्षे प्रत्यक्ष जगत असताना लिहिले. हेयर यांचा जन्म १९०२ सालचा; त्यांनी तेच जग सव्वाशे वर्षांनी कागदपत्रे, पत्रव्यवहार, कपड्यांची वर्णने आणि बोलीभाषेच्या नोंदी जमवून नव्याने उभे केले, आणि १९३५ पासून पुढे त्यातून एक अख्खा साहित्यप्रकार तयार झाला. आपल्या नायकांचे त्यांनी स्वतःच थट्टेने दोन नमुने पाडले होते: पहिला नमुना उर्मट, शीघ्रकोपी आणि तुसडा; दुसरा नमुना शांत, सुखवस्तू, कपड्यांचा शौकीन आणि घोडागाडी हाकण्यात पटाईत. ‘ए सिव्हिल काँट्रॅक्ट’चा नायक ॲडम डेव्हरिल या दोन्ही साच्यांत बसत नाही. तो नेपोलियनविरुद्धच्या स्पेनच्या मोहिमेत लढलेला, जखमेमुळे किंचित लंगडणारा, अबोल कॅप्टन आहे, आणि वडिलांच्या मृत्यूनंतर १८१४ साली तो घरी परततो तेव्हा त्याला लॉर्ड लिंटन ही पदवी आणि त्या पदवीसोबत न फिटणारे कर्ज वारशाने मिळते.

वडील जुगारी आणि राजप्रतिनिधीच्या मौजमजेच्या वर्तुळातले होते. लिंकनशरमधील फॉन्टली प्रायरी ही पिढीजात वास्तू गहाण पडलेली आहे, धाकट्या बहिणीचे लग्न व्हायचे आहे, आणि आई प्रत्येक संकट हे केवळ आपल्यावरच कोसळले आहे असे मानणारी आहे. (ही आई हेयर यांच्या विनोदबुद्धीचा उत्तम नमुना असून प्रत्येक नातेवाइकाच्या ओळखीची निघेल.) ॲडमचे प्रेम ज्युलिया ओव्हर्सली या नाजूक, कविमनाच्या, अतिशय सुंदर मुलीवर आहे, परंतु मुलीवर जीव असलेला तिचा बाप हे लग्न शक्य नाही असे स्पष्ट सांगतो, आणि त्याच बैठकीच्या ओघात एक वेगळे स्थळ सुचवतो. लंडनच्या व्यापारी पेठेतील जोनाथन चॉली या धनाढ्य माणसाला आपल्या एकुलत्या एका मुलीसाठी पदवी असलेला नवरा हवा आहे. मुलगी, जेनी, ही ज्युलियाचीच शाळेतली मैत्रीण.

या टप्प्यावर हेयर जे करतात, ते त्यांच्या इतर कादंबऱ्यांत सहसा दिसत नाही. त्या व्यवहाराला व्यवहार म्हणूनच उभा करतात. विल्यम ब्लॅकस्टोन या कायदेपंडिताने अठराव्या शतकात लिहून ठेवले होते, की इंग्लंडचा कायदा विवाहाकडे केवळ एक दिवाणी करार म्हणून पाहतो. कादंबरीच्या नावाचा रोख तोच आहे. त्या काळी लग्न होताच स्त्रीची मालमत्ता नवऱ्याच्या हाती जात असे, आणि म्हणून मुलीकडची सुज्ञ माणसे लग्नाआधी करारनामा करून घेत: तिला वर्षाला हातखर्च किती, नवरा आधी गेला तर तिला उत्पन्न किती, धाकट्या मुलांचा वाटा किती. मुलीने मुलाला पत्र लिहिणे वाङ्‌निश्चयापूर्वी अशोभनीय, एकाच पुरुषाबरोबर एका रात्री दोनपेक्षा अधिक वेळा नाचणे हा जवळजवळ जाहीरनामा, आणि सोबतीला वडीलधारी बाई नसताना भेटणे म्हणजे अब्रूचा प्रश्न. दिलेला शब्द मुलगी मोडू शकत असे, पुरुषाने तो मोडला तर त्याच्यावर दावा लागू शकत असे. अशा चौकटीत दोन माणसांना एकमेकांची खरी ओळख लग्नानंतरच होणार, हे उघड आहे. बहुतेक रीजन्सी प्रेमकथा या अडचणीवर युक्त्या शोधतात. नायिकेला रस्त्यात अपघात होतो, सराईत आसरा घ्यावा लागतो, कोणी तरी कोणाला तरी पळवून नेते. ही कादंबरी युक्ती शोधत नाही. ती सरळ लग्न लावून देते आणि विचारते, आता पुढे काय?

मराठी वाचकाला या प्रश्नाचे फारसे अप्रूप वाटणार नाही. आजी-पणजीच्या पिढीत बोहल्यावर चढल्यानंतरच नवऱ्याचा चेहरा नीट पाहिलेल्या बायका आपल्या घराघरांत होत्या, आणि त्यांच्या संसारात मागाहून जे काही उगवले, त्याला प्रेम म्हणावे की सवय, यावर त्यांनी कधी चर्चा केली नाही. जेनी त्याच जातकुळीची आहे. ती ॲडमवर आधीपासून प्रेम करते. तो जखमी होऊन विश्रांतीसाठी आला होता तेव्हाच, ज्युलियाच्या बाजूला बसून, कोणाचेही लक्ष नसताना. हे ती त्याला सांगत नाही, कारण सांगितले तर त्याच्या डोक्यावर कृतज्ञतेचे आणखी एक कर्ज चढेल, हे तिला कळते. ती त्याला सुख देण्याचा निश्चय करते, आणि ‘सुख’ या शब्दाचा तिच्या कोशातला अर्थ अगदी ठोस आहे: वेळेवर आणि त्याच्या आवडीचे जेवण, नीट लागलेले नोकर, दुरुस्त केलेले तागे-पडदे, आणि तो विचारात असताना न विचारलेले प्रश्न. हेयर यांनी या गोष्टी ओझरत्या सांगितलेल्या नाहीत. पानामागून पान घरकारभाराचे तपशील येत राहतात, आणि आपल्या हळूहळू ध्यानात येते, की नाचाच्या जलशात इतर नायिका पंख्याच्या हालचालीने जे बोलतात, ते ही बाई भांडारघराच्या यादीतून बोलते आहे.

तरीसुद्धा माझा जीव जडला तो तिच्या वडिलांवर. जोनाथन चॉली हा देहाने आडवातिडवा, आवाजाने मोठा, बोलण्यात रोखठोक असा स्वतःच्या हिमतीवर वर आलेला माणूस आहे. त्याच्या घरचे जेवण म्हणजे टेबल वाकेल इतकी ताटे आणि डोळे दिपतील इतकी चांदी. जावयाला काही विचारण्याची त्याला गरज वाटत नाही. ॲडमने विकायला काढलेले लंडनचे घर तो स्वतःच घेतो, आपल्या भडक आवडीप्रमाणे सजवतो आणि त्याच्या स्वाधीन करतो. आपल्याकडे जावयाचे रुसवे आणि सासऱ्याची तारांबळ हा विनोदाचा जुना विषय आहे. येथे पारडे उलटे आहे. पैशाच्या ओझ्याखाली जावई दबलेला आहे आणि सासरा उदारपणे त्याचा जीव नकोसा करतो. ॲडमचे मन प्रत्येक भेटवस्तूबरोबर आंबत जाते, आणि आपण आभार मानले पाहिजेत हे त्याला कळत असल्यामुळे ते अधिकच आंबते. उपकार घेणाऱ्याची ही चिडचीड मी फार थोड्या पुस्तकांत इतकी प्रामाणिकपणे लिहिलेली पाहिली आहे.

आणि मग चिनी मातीची भांडी येतात. या आडदांड माणसाला पोर्सेलीनचा षोक आहे, आणि तो नवश्रीमंताचा दिखाऊ षोक नाही. त्याची नजर खरोखरीच पारखी आहे. घरातील इतर सगळ्या वस्तू ज्याने किंमत पाहून घेतल्या, तोच माणूस एखादा नाजूक तुकडा आपल्या जाड बोटांत इतक्या हळुवारपणे धरतो, की पाहणाऱ्या ॲडमला आपला सासरा जणू प्रथमच दिसतो. त्या क्षणी चॉलीचा आवाजही खाली येतो. हेयर यांनी या प्रसंगावर भाष्य केलेले नाही आणि ते बरेच झाले. हा माणूस आपल्या मुलीलाही असाच जपतो, फक्त मुलीच्या बाबतीत त्याला आवाज खाली आणता येत नाही, एवढे आपले आपण समजून घेतो.

जेनीला दिवस जातात तेव्हा हीच माया धोक्याची ठरते. एकुलत्या एका लेकीच्या बाळंतपणाची धास्ती घेतलेला बाप लंडनमधील सर्वांत नावाजलेल्या डॉक्टरला, सर रिचर्ड क्रॉफ्ट यांना, पाचारण करतो. क्रॉफ्ट ही इतिहासातील खरी व्यक्ती होती. पुढे १८१७ साली राजप्रतिनिधीची मुलगी राजकन्या शार्लट हिच्या बाळंतपणाची जबाबदारी त्यांच्यावर होती, त्यात मृत बाळ जन्मल्यानंतर काही तासांत राजकन्याही दगावली, आणि त्यानंतर काही महिन्यांतच त्यांनी आत्महत्या केली. गर्भवतीचे बळ कमी करणारा तुटपुंजा आहार ही त्या काळची मान्य पद्धत होती. आपली जेनी, जिला चार घास पोटभर जेवायला आवडते, ती या पथ्याने दिवसेंदिवस खंगते, तक्रार करत नाही, आणि तिचे खंगणे पाहून शेवटी ॲडमच सासऱ्यांच्या इच्छेविरुद्ध उभा राहतो. घरातील पहिले उघड भांडण हे प्रेमाखातर होते आहे, याची त्याला स्वतःलाही कल्पना नसते. बायकोला पोटभर जेवू द्या, असे सांगणारा नवरा हा प्रेमकथेचा नायक म्हणून मला कोणत्याही घोडेस्वारापेक्षा अधिक पटतो. पुढे मुलगा होतो, आणि त्याच्या नावात जाइल्सबरोबर जोनाथन हे आजोबांचे नावही घातले जाते. पैशाने ज्याने सगळे विकत घेतले, त्याला न मागता मिळालेली ही पहिली वस्तू असावी. चॉलीचा तोफेसारखा आवाज तेथे बसतो.

कादंबरीचा कळस नेपोलियनविरुद्धच्या वॉटर्लूच्या लढाईत आहे, पण रणांगणावर नाही. जून १८१५ मध्ये लंडनच्या बाजारात पराभवाच्या वावड्या उठतात, सरकारी रोख्यांचे भाव कोसळतात, आणि घाबरलेला चॉली जावयाला आहे ते विकून मोकळे होण्याचा सल्ला देतो. हे रोखे म्हणजे सरकारने घेतलेले, तीन टक्के व्याजाचे आणि परतफेडीची मुदत नसलेले कर्ज. सरकार हरेल असे वाटले की त्यांचा भाव उतरणारच. ॲडम नेमके उलटे करतो. तो ब्रिटिश सेनापती वेलिंग्टनच्या हाताखाली लढलेला आहे, माघार म्हणजे पराभव नव्हे हे त्याला ठाऊक आहे, म्हणून मिळेल तितका पैसा उभा करून तो रोखे खरेदी करतो आणि मग विजयाची बातमी येईपर्यंत त्याचा जीव टांगणीला लागतो. २१ जूनच्या रात्री मेजर पर्सी हे जिंकलेली फ्रेंच गरुडचिन्हे घेऊन लंडनला पोचतात, तेथवरची पाने श्वास रोखून वाचावी लागतात. येथे मराठी वाचकाला एक कडू-गोड हिशेब आठवल्यावाचून राहणार नाही: ॲडम ज्या वेलिंग्टनवर सर्वस्व लावतो, त्यानेच, आर्थर वेलस्ली या मूळ नावाने, १२ वर्षांपूर्वी, सप्टेंबर १८०३ मध्ये, आजच्या जालना जिल्ह्यातील असईच्या मैदानात शिंदे आणि भोसले यांच्या फौजांचा पराभव केला होता.

याच धाग्यावरून माझी पहिली तक्रार. चॉलीची संपत्ती कोणत्या जगातून आली, हे कादंबरी कधीच विचारत नाही. त्याची आवडती चिनी मातीची भांडी त्या काळी ईस्ट इंडिया कंपनीच्या जहाजांतून चीनमधील कँटनहून येत, आणि त्या जहाजांच्या जाण्यायेण्यात कोणाकोणाचा घाम मुरलेला होता, हे १९६१ साली लिहिणाऱ्या, एरवी बटणांच्या फॅशनपर्यंतचे बारकावे शोधून काढणाऱ्या लेखिकेला ठाऊक नसेल असे म्हणवत नाही. दुसरी तक्रार ज्युलियाविषयी. तिला लेखिकेने न्याय दिलेला नाही. तिचे हळवेपण सुरुवातीला खरे वाटते, नंतर मात्र ते सतत चारचौघांत प्रदर्शन मांडणारे, हट्टी आणि थकवणारे दाखवले जाते, जेणेकरून ॲडमने तिला गमावले हे त्याच्या भल्याचेच झाले, असे आपल्याला पटावे. रॉकहिल हा वयाने मोठा, जगाचा अनुभव असलेला विधुर उमराव तिच्याशी लग्न करतो आणि तिला एखाद्या मौल्यवान पक्ष्यासारखे सांभाळतो. हे लग्न कादंबरीतले सर्वांत चमत्कारिक आणि कदाचित सर्वांत रोचक लग्न आहे, पण हेयर त्याच्या दारातूनच परततात. जेनीचे मोठेपण सिद्ध करण्यासाठी ज्युलियाला लहान करण्याची गरज नव्हती.

भाषेबद्दल एक सूचना आवश्यक आहे. हेयर यांची पात्रे त्या काळच्या बोलीतले शब्द सढळ हाताने वापरतात; उमरावांच्या क्लबांतली भाषा वेगळी, चॉलीच्या पेठेतली वेगळी, आणि दोहोंसाठी साधा शब्दकोश अपुरा पडतो. पहिली ५० पाने अर्थ अंदाजाने लावत जावे, पुढे कान सरावतो. मधल्या भागात नॉर्फोकमधील होल्कमच्या थॉमस कोक यांच्या सुधारित शेतीविषयी, सलगम, जव, क्लोव्हर आणि गहू या चार पिकांच्या फेरपालटाविषयी, पाणथळ जमिनीच्या निचऱ्याविषयी बरीच चर्चा येते. काही वाचकांना ती रटाळ वाटेल. मला ती आवडली, कारण ॲडम ज्या उत्साहाने सलगमाविषयी बोलतो, त्या उत्साहाने तो ज्युलियाशी कधीच बोललेला नसतो, आणि ते सगळे कान देऊन ऐकणारी, प्रसंगी नेमका प्रश्न विचारणारी व्यक्ती म्हणजे जेनी असते.

शेवट अनेकांना निराश करतो, असे मी ऐकले आहे. ॲडम बायकोला सांगतो, की त्याचे तिच्यावर प्रेम आहे, पण ज्युलियावर होते तसे नाही. आणि जेनी हे ऐकून मान्य करते, की आयुष्य भारावलेल्या क्षणांचे नसून रोजच्या साध्या गोष्टींचे बनलेले असते. तिला हे पूर्णपणे पुरेसे आहे, की तिने ते पुरवून घ्यायचे ठरवले आहे, यावर माझे मत प्रत्येक वाचनात बदलले आहे. विशीत वाचली तेव्हा मला तिची कीव आली होती. चाळिशीत वाचताना ॲडमची थोडी कीव आली.

हेयर यांची एकही कादंबरी वाचलेली नसेल, तर सुरुवात हिच्यापासून करू नये; आधी त्यांची एखादी खळखळून हसवणारी कादंबरी वाचावी, म्हणजे येथे त्यांनी कोणकोणते नेहमीचे आनंद मुद्दाम बाजूला ठेवले आहेत, ते कळेल. नवी प्रत घ्यायची झाल्यास दुकानात जाऊन टाइपचा आकार आणि बांधणी पाहून घ्यावी. जुनी मिळाली तर अधिक चांगले. माझी पदपथावरची प्रत सध्या माझ्या वडिलांकडे आहे. ज्युलियाची पाने त्यांनी भराभर उलटली, सलगमाची मन लावून वाचली, आणि परवा फोनवर एवढेच विचारले, की तो चॉली म्हातारपणी लेकीकडे राहायला जातो का.